धान खळ्यावर, कांदा वाफ्यावर

चंद्रपूर-गडचिरोली म्हटलं की काय आठवतं? ताडोबाचा वाघ, कोळशाच्या खाणी, मोह, तेंदू आणि नजर पोहोचेल तिथवर धानाच्या बांध्या. कांदा कुणालाच आठवत नाही. कांदा म्हणजे नाशिक, कांदा म्हणजे लासलगाव, हे आपल्याला शाळेपासून पाठ. पण दसरा-दिवाळीच्या सुमाराला, बांधीतलं धान पिवळं पडू लागलेलं असताना, घरामागच्या सांदवाडीत किंवा तलावाखालच्या वाडीत चार वाफ्यांवर काळं बी टाकलं, तर इथल्या, म्हणजे झाडीपट्टीच्या, वर्षात त्याचं गणित फार छान जुळतं.

कारण कांदा हे वेळेचं पीक आहे. खत-पाण्याचं तो ऐकतो, नाही असं नाही. पण पोसायचं कधी, फुलायचं कधी आणि झोपायचं कधी, हे तो सूर्य आणि थंडी पाहून स्वतःच ठरवतो. त्याच्या या वेळापत्रकातल्या काही गमती, वाफ्यापासून साठवणीच्या चाळीपर्यंत.

१. वर्षातून तीनदा, इथे मात्र एकदाच

महाराष्ट्रात कांद्याचे तीन हंगाम. पावसाळ्यात लावतात तो खरीप. ऑगस्ट-सप्टेंबरात बी टाकून ऑक्टोबर-नोव्हेंबरात लावतात तो रांगडा. आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरात बी टाकून डिसेंबर-जानेवारीत लावतात तो रब्बी, म्हणजे उन्हाळ कांदा. तिघांत टिकाऊ हा शेवटचाच.

झाडीपट्टीत पहिला पर्याय जवळजवळ बाद. गडचिरोलीत वर्षाला साधारण १,३०० मिलिमीटरहून अधिक पाऊस होतो आणि बांधीत पाणी अडवून ठेवणं हाच तर धानाचा धर्म. कांद्याची मुळं पाण्यात उभी राहिली की सडलीच. निफाड-लासलगावच्या पट्ट्यात याच्या निम्मासुद्धा पाऊस पडत नाही, म्हणून तिथल्या शेतकऱ्याला पावसाळी कांद्याचा जुगार खेळता येतो. इथे ऑक्टोबरात पाऊस परतला की मगच कांद्याची पाळी.

२. दिवस मोजणारं पीक

कांदा कधी पोसायला लागतो? खत पडलं की? पाणी मिळालं की? मुख्य इशारा वेगळाच आहे: दिवसाची लांबी. आपल्याकडच्या बहुतेक जातींना साधारण ११ ते १२ तासांचा उजेड पुरतो. इंग्लंडसारख्या थंड देशांतल्या जातींना १४ ते १६ तास लागतात.

चंद्रपूर आणि गडचिरोली दोन्ही शहरं साधारण २० अक्षांशावर आहेत. इथे २२ डिसेंबरचा दिवस जेमतेम ११ तासांचा, तर वर्षातला सगळ्यांत मोठा दिवस सुमारे १३ तास २० मिनिटांचा. म्हणजे विलायतेहून हौसेनं आणलेलं बी इथे लावलं तर पात मिळेल, कांदा मिळणार नाही. त्याला हवा तेवढा लांब दिवस चंद्रपुरात उगवतच नाही.

उलटंही तितकंच खरं. आपला कांदा वसंतात इंग्लंडात लावला तर त्याला पहिल्याच दिवसापासून 'वेळ झाली' असं वाटतं आणि रोप वाढायच्या आतच तो सुपारीएवढा पोसून मोकळा होतो. २०२३ साली इंग्लंडच्या हॅरोगेट इथल्या प्रदर्शनात एका कांद्याचं वजन ८.९७ किलो भरलं आणि जागतिक विक्रम झाला. तिथे जूनचा दिवस १७ तासांचा असतो, हे त्या विक्रमाचं अर्धं गुपित.

३. बर्फाखालचे भाऊबंद

शरदाच्या तोंडावर कांदा पेरायची रीत आपल्यापुरती नाही. इंग्लंडातले बागवान ऑगस्टमध्ये बी टाकतात, रोपं अख्खा हिवाळा बर्फ आणि कडाक्याची थंडी सोसतात आणि जूनमध्ये कांदा हातात येतो. त्यासाठी त्यांच्या आवडीच्या जाती जपानी वंशाच्या. 'सेन्श्यू' ही त्यातली प्रसिद्ध जात, ओसाकाच्या दक्षिणेकडच्या सेन्श्यू भागाची.

पेरणीचा काळ जवळपासचा, पण कारणं अगदी वेगळी. त्यांना उन्हाळी कांद्याच्या आधी बाजार गाठायचा असतो. आपल्याला पाऊस संपायची वाट पाहायची असते. त्यांच्या रोपाला हिवाळा जगून काढायचा असतो. आपल्याकडे हिवाळा हाच वाढीचा काळ.

४. ग्रॅमभर बी, तीनशे रोपं

कांद्याचं बी काळं, कोनदार, खरबरीत. एका ग्रॅममध्ये साधारण २५० ते ३०० दाणे. नाशिककडे या बियाला 'उळे' म्हणतात आणि चांगल्या उळ्यासाठी शेतकरी शेजारच्या तालुक्यापर्यंत जातो.

दोन ओळींत १५ सेंटीमीटर आणि दोन रोपांत १० सेंटीमीटर अंतर ठेवलं, तर एका एकरात कागदावर पावणेतीन लाखांच्या जवळपास रोपं बसतात. त्यांना लागतं दोन-तीन किलो बी आणि रोपवाटिकेला जागा फक्त दोन गुंठे. दोन-तीन किलोत दाणे मात्र सहा-सात लाख! उरलेले कुठे जातात? काही उगवत नाहीत, काही रोपं मर रोगानं कोलमडतात, काही लावणीत नाकारली जातात. निसर्गाची आणि शेतकऱ्याची निवड दोन गुंठ्यांतच उरकते.

आणखी एक: हे बी फार लवकर म्हातारं होतं. दमट हवेत ठेवलेलं बी वर्षभरातच उगवणशक्ती गमावू लागतं. गेल्या वर्षीची पुडी डब्यात सापडली तर शंभर दाणे ओल्या फडक्यात बांधून ठेवा. आठ-दहा दिवसांत मोड मोजा. साठही फुटले नाहीत तर नवं बी आणा.

५. रोवणीतले हात, उलटी जमीन

रोप आधी वाफ्यात वाढवायचं, मग उपटून दुसरीकडे लावायचं, हे झाडीपट्टीला कुणी शिकवायला नको. पऱ्हे टाकणं आणि रोवणी करणं इथल्या बायांच्या बोटांत मुरलेलं. कांद्याची लावणीही तशीच वाकून, ओळीनं, झपाझप करायची. हात तेच, जमीन मात्र नेमकी उलटी हवी. धानाला चिखल हवा: माती इतकी घोटायची की पाणी खाली जिरता कामा नये. कांद्याला भुसभुशीत, निचऱ्याची माती हवी.

म्हणून धान कापल्यावर त्याच बांधीत कांदा घ्यायचा तर घोटून घट्ट झालेली जमीन आधी खोल नांगरावी लागते, ढेकळं फोडावी लागतात, चांगलं कुजलेलं शेणखत मिसळावं लागतं. या भागातला शेतकरी जमिनी ओळखतो कन्हार, मोरंड, खरडी, बरडी अशा नावांनी. चिकट कन्हारीत कांदा वेडावाकडा पोसतो आणि काढताना कुदळ घाम काढते. मोकळ्या, निचरा होणाऱ्या जमिनीत तो गोल आणि देखणा येतो. रोपासाठी मीटरभर रुंद आणि वीतभर उंच गादीवाफा केला की ऑक्टोबरातली एखादी चुकार सरही फार बिघडवत नाही.

६. मुळं वरवरची

एवढं तिखट पीक, पण मुळांची धाव किती? बहुतेक मुळं वरच्या १५-२० सेंटीमीटरांतच. त्यात पानं सरळ उभी, नळीसारखी. जमिनीवर सावली धरतच नाहीत. त्यामुळे गवताला मोकळं रान मिळतं. कांद्याच्या वाडीत निंदणाची मजुरी डोक्यावर बसते ती यामुळे. पाणीही एकदम भरपूर देऊन चालत नाही. थोडं थोडं, वेळेवर द्यावं लागतं.

झाडीपट्टीत हे पाणी येतं कुठून? माजी मालगुजारी, म्हणजे मामा, तलावांतून, बोड्यांतून, विहिरींतून आणि घोडाझरी-असोलामेंढ्यासारख्या जलाशयांच्या कालव्यांतून. कोहळी समाजानं काही शतकांपूर्वी बांधलेले हे मामा तलाव धानासाठी होते. पण डिसेंबरात तलावात जे पाणी उरतं, त्यावर उन्हाळी धान ओढून ताणून भिजवण्यापेक्षा कांद्याचे वाफे कितीतरी जास्त भिजतात.

७. घाईची शिक्षा: डेंगळे

'लवकर पेरलं, लवकर आलं' हा हिशेब रब्बी कांद्याला लावला की फसलाच. कांदा हे खरं तर दोन वर्षांचं झाड. पहिल्या वर्षी तो गड्डा करून अन्न साठवतो आणि थंडी पाहिल्यावर दुसऱ्या वर्षी फुलतो. रब्बीचं वाण सप्टेंबरातच पेरलं तर डिसेंबर-जानेवारीच्या थंडीपर्यंत रोपाची मान पेन्सिलीपेक्षा जाड झालेली असते. या दोन्ही जिल्ह्यांत तेव्हा रात्रीचा पारा १० अंशांच्या आसपास घसरतो. झाडाला वाटतं वर्ष सरलं, आता फुलायला हवं. मग मधूनच फुलांचा दांडा वर येतो. हेच डेंगळे.

डेंगळा आलेल्या कांद्याच्या पोटात चिवट काठी राहते, तो टिकत नाही आणि व्यापारी तो बाजूला काढतो. रोप लहान असताना थंडी आली तर मात्र झाड तिच्याकडे लक्षच देत नाही. म्हणून ऑक्टोबर अखेर ते नोव्हेंबरात बी, पन्नासेक दिवसांचं रोप आणि डिसेंबरच्या मध्यापासून जानेवारीच्या सुरुवातीपर्यंत लावणी. डेंगळे आलेच तर ते कांदे आधी स्वयंपाकघरात न्या, चाळीत नको.

८. नाटकांबरोबर वाढतो

झाडीपट्टी रंगभूमीचा हंगामही दिवाळीला सुरू होतो आणि होळीपर्यंत चालतो. धान घरात आलेलं, हातात थोडा पैसा, गावोगाव मंडई आणि शंकरपट. वडसा-देसाईगंजमध्ये नाट्यकंपन्यांचे फलक झळकतात आणि रात्र रात्र नाटकं चालतात. आता कांद्याचं वेळापत्रक याच्या शेजारी ठेवून पाहा. भाऊबिजेच्या नाटकाला बी वाफ्यात. पौषातल्या नाटकाला रोप वावरात. आणि होळीला हंगामातला शेवटचा पडदा पडतो तेव्हा मातीखाली कांदा पोसत असतो, कारण दिवस १२ तासांच्या आसपास पोहोचलेला असतो आणि ऊनही तापायला लागलेलं असतं. कांद्याला हे दोन्ही इशारे एकदमच मिळतात.

९. वर्ज्य कांदा आणि नैवेद्याचा कांदा

आषाढ शुद्ध नवमी म्हणजे कांदेनवमी. पाळणाऱ्या घरांत त्या दिवशी भजी, थालीपीठ, झुणका असा कांद्याचा भरपेट निरोप होतो आणि मग चातुर्मासभर कांदा बंद. नंतर मार्गशीर्ष शुद्ध षष्ठीला, चंपाषष्ठीला, खंडोबाला नैवेद्य दाखवतात तो वांग्याचं भरीत, भाकरी आणि कांद्याच्या पातीचा!

या दोन तिथींकडे शेतकऱ्याच्या नजरेनं पाहिलं तर गंमत कळते. कांदेनवमी येते पावसाच्या तोंडावर, उन्हाळ कांदा सडायला आणि कोंब फुटायला लागायच्या सुमाराला. चंपाषष्ठी येते वाफ्यांत नवी हिरवी पात लहरत असताना. आणि विठ्ठलभक्तीच्या परंपरेत अरणच्या सावता माळ्यांना मळ्यातल्या कांद्या-मुळ्यात विठाई दिसली. पातीचं विदर्भी रूप हवं असेल तर बेसन पेरून, वरून मूठभर सांबार, म्हणजे कोथिंबीर, घालून, तव्यावर खमंग परतायची.

१०. पापुद्रे म्हणजे पानंच

कांदा हे मूळ नाही, फळही नाही. तो पानांच्या बुंध्यांचा गठ्ठा आहे. वरची हिरवी नळी खाली जिथे फुगते तिथे एक पापुद्रा तयार होतो. म्हणून पोसायच्या आधी रोपाला जितकी जास्त निरोगी पानं, तितका कांदा भरदार. करपा किंवा फुलकिड्यांनी पात खाल्ली की नुकसान जमिनीखाली होतं. दाट धुकं आणि ढगाळ हवा करप्याला फार मानवते, त्यामुळे तलावाकाठच्या वाडीत जानेवारीत पातीवर रोज नजर हवी. खोड कुठे असतं मग? बुडाशी, मुळं फुटतात ती पातळ चकती म्हणजे खोड. सुरीनं आपण पहिल्यांदा कापून टाकतो तीच.

११. माणसापेक्षा पाचपट

शाळेच्या प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शकाखाली पहिली पेशी पाहिली ती बहुतेकांनी कांद्याच्या पापुद्र्याची. त्या पेशीत काय दडलंय? कांद्याच्या जनुकसंचात सुमारे १,६०० कोटी अक्षरं आहेत. माणसाच्या जनुकसंचात ३०० कोटींच्या थोडी वर. म्हणजे कांदा आपल्यापेक्षा पाचपट! प्रथिनं न घडवणाऱ्या सगळ्या डीएनएचं काहीतरी काम असतंच, असं कुणी म्हणालं तर कॅनडातले जीवशास्त्रज्ञ रायन ग्रेगरी यांनी २००७ साली एक साधा प्रश्न पुढे केला: मग कांद्याला माणसाच्या पाचपट डीएनए कशाला? विज्ञानात ही 'कांद्याची कसोटी' म्हणून प्रसिद्ध आहे. कांद्याच्या डीएनएतला मोठा भाग पुन्हा पुन्हा येणाऱ्या, स्वतःच्या नकला करत बसलेल्या तुकड्यांचा आहे.

१२. रडवतो कोण?

न कापलेला कांदा कुणालाच रडवत नाही. सुरी फिरली की पेशी फुटतात, वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवलेली रसायनं एकत्र येतात आणि गंधकाचा एक उडणारा वायू तयार होऊन थेट डोळ्यांत शिरतो. हे काम फक्त एकाच विकराचं असं बराच काळ समजलं जात होतं. २००२ साली जपानी संशोधकांनी दाखवलं की अश्रू आणणारा विकर वेगळाच आहे. या शोधासाठी त्यांना २०१३ साली इग नोबेल मिळालं, म्हणजे 'आधी हसवणारं, मग विचार करायला लावणारं' पारितोषिक. त्यातले काही संशोधक ज्या कंपनीचे होते, तिनंच पुढे न रडवणारा कांदाही तयार केला.

आपल्यापुरता उपाय: कापायच्या आधी कांदा थोडा वेळ गार करा, विकर मंदावतो. आणि शेतातला मुद्दा: हा तिखटपणा मातीतल्या गंधकातून येतो. जमिनीत गंधक कमी असेल तर कांदा सौम्य होतो.

१३. एचएमटीचा धडा कांद्याला का लागू नाही?

नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचे दादाजी खोब्रागडे. १९८३ साली त्यांनी 'पटेल ३' धानात वेगळ्या दिसणाऱ्या लोंब्या हेरल्या, त्यांचं बी जपलं, वाढवलं आणि त्यातून बारीक तांदळाचं एचएमटी वाण उभं राहिलं. नाव पडलं ते तेव्हाच्या लोकप्रिय मनगटी घड्याळावरून. घड्याळाचं नाव धानाला आणि घड्याळाची सवय कांद्याला, अशी ही वाटणी!

पण दादाजींसारखी निवड कांद्यात करायला गेलं तर ती हातून निसटते. धानाचं फूल बहुतांशी स्वतःच्याच परागानं फळतं, म्हणून निवडलेलं वाण पिढ्यान्‌पिढ्या तसंच राहतं. कांद्याच्या फुलात पराग आधी झडतो आणि त्याच फुलाचं स्त्रीकेसर नंतर तयार होतं. त्यामुळे पराग दुसरीकडून आणावा लागतो आणि तो मधमाशा आणतात. शेजारच्या वावरात पांढरा कांदा फुललेला असेल तर तुमच्या लाल वाणाचं बी भेसळीचं झालंच समजा. म्हणून बीजोत्पादनात दोन वाणांत अर्धा-एक किलोमीटर अंतर सांगतात.

त्यातही मधमाशी रुसते. कांद्याच्या फुलातल्या मकरंदात पोटॅशियम फार, ते तिला रुचत नाही. जवळ दुसरा फुलोरा असला की ती तिकडे वळते. आणि जंगलाला लागून शेत असल्यावर दुसऱ्या फुलोऱ्याला काय तोटा!

१४. माना पडल्या की जिंकलो

धान लोळलं की शेतकऱ्याच्या पोटात गोळा येतो. कांद्याची पात लोळली की तो खूश होतो. गड्डा पूर्ण पोसला की मानेतून नवं पान येणं थांबतं, मान पोकळ आणि मऊ पडते आणि पात आडवी होते. शेतातल्या निम्म्या माना पडल्या की काढणीची वेळ झाली. पाणी मात्र त्याआधीच, काढणीपूर्वी १० ते १५ दिवस, बंद करायचं. शेवटच्या आठवड्यात दिलेलं पाणी कांद्याचं वजन वाढवतं आणि आयुष्य घटवतं.

एप्रिल-मे म्हणजे इथे ४५ अंशांच्या पुढचं ऊन. काढलेला कांदा उघडा ठेवला तर अक्षरशः भाजतो. म्हणून एका ओळीच्या कांद्यावर दुसऱ्या ओळीची पात येईल असा तो वावरातच तीन-चार दिवस पसरतात. मग दोन-अडीच सेंटीमीटर मान ठेवून पात कापायची आणि दहा-बारा दिवस सावलीत सुकवायचा. मान नीट सुकली की बुरशीचं दार बंद.

१५. उकाड्यात झोप, गारव्यात जाग

सगळ्यांत उलटी वाटणारी गोष्ट ही. बटाटा गारव्यात टिकतो, म्हणून कांदाही गार जागी ठेवावा असं वाटतं. कांद्याला कोंब सगळ्यांत जोरात फुटतात ते १० ते २० अंशांच्या सुखद हवेत. २५ अंशांच्या वर तो झोपून राहतो आणि शून्याच्या जवळही झोपतो. मधल्या गारव्यात जागा होतो! म्हणून चाळ वाऱ्याची हवी, बांबूच्या फटींची, जमिनीपासून उचललेली, वरून सावलीची. झाडीपट्टीत बांबूला काही तोटा नाही. खरा शत्रू उष्णता नसून जूननंतरची ओल आहे. मे महिन्याच्या उकाड्यात वजन थोडं घटेल, पण आषाढातल्या दमट हवेत कांदा काळा पडेल.

वाण निवडताना याचा विचार आधी. भीमा नदीकाठच्या राजगुरुनगरला कांदा व लसूण संशोधन संचालनालय आहे. १९९४ साली नाशिकला सुरू झालेली ही संस्था १९९८ साली तिथे गेली. तिथली भीमा शक्ती आणि भीमा किरण ही रब्बीची वाणं पाच-सहा महिने टिकणारी म्हणून ओळखली जातात. पांढऱ्याची हौस असेल तर भीमा श्वेता आहे, आणि विदर्भाचं स्वतःचं, अकोल्याच्या कृषी विद्यापीठाचं 'अकोला सफेद' आहेच. स्थानिक जमिनीबद्दल विचारायचं तर सिंदेवाही आणि गडचिरोलीजवळच्या सोनापूरची कृषी विज्ञान केंद्रं जवळ आहेत.

१६. जंगलाचा स्वतःचा कांदा

गडचिरोलीचा दोन-तृतीयांशाहून जास्त भाग जंगल. त्या जंगलातही एक कांदा उगवतो: रानकांदा. दिसायला कांद्यासारखा, कुळ मात्र वेगळं आणि स्वभाव विषारी. त्यातली द्रव्यं थेट हृदयावर परिणाम करतात. त्याचं वेळापत्रकही उलटं: भर उन्हाळ्यात, एकही पान नसताना, जमिनीतून फुलांचा उंच दांडा निघतो, पानं येतात पावसाबरोबर. त्याच्या भूमध्य समुद्राकाठच्या नातलगापासून पूर्वी उंदरांचं विष बनवत. ओळख पक्की नसेल तर जंगलातला 'कांदा' ताटात घ्यायचा नाही.

आपला खरा कांदाही सगळ्यांना चालत नाही. कुत्र्याला तो कच्चाच काय, शिजवलेलाही बाधतो, कारण त्यातली गंधकाची द्रव्यं तांबड्या रक्तपेशी फोडतात. गाई-म्हशींनाही सडक्या कांद्याचा ढीग खाऊ घालणं धोक्याचं. मेंढ्या मात्र बऱ्यापैकी पचवतात.

१७. झटपट चार

• इजिप्तचा राजा चौथा रामसेस याच्या ममीच्या डोळ्यांच्या खोबणीत छोटे कांदे बसवलेले सापडले. तो वारला इसवी सनापूर्वी बाराव्या शतकात.

• पिरॅमिडच्या मजुरांना मुळा, कांदा, लसूण पुरवायला १,६०० टॅलंट चांदी खर्ची पडली, असा लेख आपल्याला दुभाष्यानं वाचून दाखवला, असं ग्रीक इतिहासकार हेरोडोटस लिहून गेला. दुभाष्याला ती लिपी खरंच येत होती का, याबद्दल अभ्यासक अजून हसतात.

• सालं टाकू नका. तुरटीबरोबर उकळली की त्यांतून पिवळा-नारिंगी रंग मिळतो आणि तो रेशमावर छान चढतो. आरमोरी-नागभीड कोशाच्या कापडासाठी प्रसिद्ध आहेत, हे लक्षात घ्या!

• लू लागू नये म्हणून खिशात कांदा? विदर्भात ही रीत जुनी. खिशातला कांदा उष्माघात रोखतो याला पुरावा नाही. डोक्याला दुपट्टा, पाण्याची बाटली आणि दुपारी सावली, हे आधी. कांदा जेवताना खा.

१८. कांद्याचं पंचांग, खिशात ठेवण्यासाठी

ऑक्टोबर अखेर ते नोव्हेंबर: गादीवाफ्यावर बी.
डिसेंबर मध्य ते जानेवारीची सुरुवात: लावणी, १५ बाय १० सेंटीमीटरवर.
जानेवारी-फेब्रुवारी: निंदण, करपा-फुलकिड्यांवर नजर.
मार्च: पोसणी, पाणी वेळच्या वेळी.
एप्रिल: पाणी बंद, माना पडू द्या.
एप्रिल अखेर-मे: काढणी, सुकवण, चाळ.

आणि घरचंच बी हवं असेल तर मे महिन्यातले एकसारखे, गोल, बारीक मानेचे कांदे चाळीत वेगळे ठेवा. पुढच्या नोव्हेंबरात ते पुन्हा लावा. त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात गोंड्यांतून काळं बी झडेल आणि ते पेरायचं त्यानंतरच्या शरदात. म्हणजे या दिवाळीला टाकलेल्या बियाचं लेकरू वाफ्यावर येतं दोन वर्षांनी. तेव्हा नांगराच्या आधी कॅलेंडर काढा, आणि बियाच्या पुडीवर तारीख लिहायला विसरू नका.